रीबसचं वय

प्रश्न थोडक्यात असा आहे: "सोलापुरातल्या एका पोलीस निरीक्षकावर मी कादंबरी लिहिली. वाचकांना आवडली. आता दुसरी लिहितोय, पण नायक जिथे होता तिथेच उभा आहे. त्याला दारू लावली, घटस्फोट दिला, रात्री एकट्याने जुनी गाणी ऐकायला बसवलं, तरी जीव येत नाही. सगळे सांगतात, स्कॉटिश कादंबरीकार इयान रँकिनचा रीबस वाच, एडिंबरा शहरातला पोलीस इन्स्पेक्टर. पण पुस्तकं पंचवीस आहेत. सुरुवात कुठून करू आणि त्यात नेमकं काय बघू?"

दारू, घटस्फोट आणि गाणी ही यादी तुम्हाला कुठून मिळाली ते लगेच कळतं. रीबसबद्दल जे काही बोललं जातं त्यात हीच तीन लक्षणं सगळ्यात आधी येतात. एडिंबरातल्या यंग स्ट्रीटवरच्या ऑक्सफर्ड बारमधली त्याची जागा, ऱ्होनाशी मोडलेला संसार, रोलिंग स्टोन्सच्या तबकड्या. हा त्याचा नुसता वेश आहे. मी सव्वीस वर्षं मराठीत रहस्यकथा आणि पोलीस-कादंबऱ्यांचं संपादन करतो आहे, काही इंग्रजीतून मराठीत आणल्याही आहेत. एवढ्या काळात हा वेश चढवलेले निरीक्षक माझ्या टेबलावर कितीतरी येऊन गेले. त्यातला एकही तिसऱ्या पुस्तकापर्यंत तगला नाही. रीबस पंचविसाव्यापर्यंत चालत आला, त्याचं कारण माझ्या मते एकच आहे: त्याला जन्मसाल आहे, आणि लेखक ते विसरत नाही.

जॉन रीबसचा जन्म १९४७ चा. गाव कार्डेंडन, स्कॉटलंडच्या फाईफ परगण्यातलं कोळशाच्या खाणींचं गाव. रँकिन स्वतः त्याच गावचा, पण १९६० चा. म्हणजे लेखकाने आपल्याच गावातला, आपल्यापेक्षा तेरा वर्षांनी मोठा माणूस उभा केला. 'नॉट्स अँड क्रॉसेस' १९८७ मध्ये आली तेव्हा रीबस चाळीस वर्षांचा होता. तिथून पुढे बाहेरच्या जगात जेवढी वर्षं गेली, जवळजवळ तेवढीच त्याच्या अंगावरून गेली. २०२४ मध्ये 'मिडनाइट अँड ब्लू' आली. हिशोब तुम्हीच करा, सत्त्याहत्तर. आणि पुस्तकातला रीबस खरोखरच तेवढा थकलेला आहे.

हे किती अवघड आहे ते कळण्यासाठी त्याच्या आधीचे ब्रिटिश पोलीस बघा. रूथ रेंडेलचा इन्स्पेक्टर वेक्सफर्ड १९६४ मध्ये पहिल्यांदा आला तेव्हाच ५२ वर्षांचा होता. त्याची शेवटची कादंबरी २०१३ ची. खरं वय मोजलं तर तेव्हा तो शंभरी ओलांडून गेलेला असता, त्यामुळे लेखिकेला काळ ताणत न्यावा लागला. पी. डी. जेम्सचा ॲडम डॅलग्लिश १९६२ मध्ये चांगला वरच्या हुद्द्यावर दिसतो आणि २००८ मध्येही नोकरीतच असतो. या दोघी थोर लेखिका आहेत, त्यांचे नायक मला प्रिय आहेत, आणि काळ थांबवण्याचा अधिकार लेखकाला असतोच. आपल्याकडे बाबूराव अर्नाळकरांचा झुंजार कधी म्हातारा झाला का? वाचकाने तशी अपेक्षाही केली नाही. पण झुंजार हा पराक्रमाचा नायक होता. तुम्हाला नोकरी करणारा पोलीस लिहायचा आहे. नोकरी म्हटली की रुजू होण्याची तारीख आली, बढती आली, बदली आली आणि निवृत्तीची तारीखही आली. त्या तारखा काढून घेतल्या की उरतो तो फक्त खाकी घातलेला गुप्तहेर.

आता हे वय पानांवर कसं दिसतं ते सांगतो, कारण खरं शिक्षण तिथे आहे. रीबसचं घर एडिंबराच्या मार्चमाँट भागात, आर्डन स्ट्रीटवर. विद्यार्थी असताना रँकिन याच रस्त्यावर राहायचा. जुन्या दगडी इमारतीतला वरचा मजला, खाली सगळ्यांचा मिळून एक जिना. सुरुवातीच्या पुस्तकांत तो जिना चढताना त्याच्या मनात तपास चालू असतो. पुढे पुढे जिना चढणं हाच एक प्रसंग होऊ लागतो. नंतर फुप्फुसांच्या जुनाट आजाराचं निदान होतं. आणि २०२० च्या 'अ साँग फॉर द डार्क टाइम्स'च्या सुरुवातीला तो त्याच इमारतीत तळमजल्यावर राहायला येतो. खोकी उघडून सामान लावायला त्याची जुनी पोलीस सहकारी शिवॉन क्लार्क मदत करते आहे, ब्रिलो नावाचा कुत्रा पायात घोटाळतो आहे. सबंध प्रसंगात कोणी मरत नाही, काही उकलत नाही. पण ज्याने तेहेतीस वर्षं त्याला तो जिना चढताना पाहिलं आहे त्याच्या पोटात तुटतं. असा परिणाम एका पुस्तकात लिहून साधत नाही. त्यासाठी पहिल्या पुस्तकात जिना असावा लागतो.

तशीच सिगारेट. स्कॉटलंडमध्ये बंदिस्त सार्वजनिक जागी धूम्रपानाला २६ मार्च २००६ पासून बंदी आली. त्यानंतरच्या पुस्तकांत रीबस प्यायला आत बसतो आणि ओढायला बाहेर फुटपाथवर येऊन थंडीत उभा राहतो. एका कायद्याने त्याच्या आवडत्या कोपऱ्याचे दोन तुकडे झाले. रँकिन यावर भाष्य करत बसत नाही, नुसता त्याला दाराबाहेर उभा करतो.

यावरून कोणाला वाटेल की सगळं आधीपासून आखलेलं होतं. तसं मुळीच नव्हतं. पहिली कादंबरी लिहिली तेव्हा मालिकेचा विचारही नव्हता. रँकिन तेव्हा एडिंबरा विद्यापीठात म्युरिअल स्पार्कच्या साहित्यावर संशोधन करत होता, आणि डोक्यात होती ती त्याच शहरात जन्मलेल्या स्टीव्हन्सनची जेकिल आणि हाईडची गोष्ट, एकाच माणसातली दोन माणसं. रीबस या शब्दाचा अर्थच चित्रकोडं. पहिल्या पुस्तकात त्याला निनावी पाकिटांतून गाठ मारलेला दोरा आणि काड्यापेटीच्या काड्यांचे क्रॉस येत राहतात. नाव, शीर्षक, पाकिटं, सगळं एका चतुर विद्यार्थ्याने जुळवलेलं. मग त्याने हेरकथा लिहून पाहिली. दुसरी रीबस कादंबरी 'हाईड अँड सीक' आली ती थेट १९९१ मध्ये. पहिल्या पुस्तकासाठी माहिती काढायला तो एडिंबराच्या लीथ भागातल्या पोलीस ठाण्यात गेला, तेव्हा त्याचं कथानक तिथल्या चालू तपासाशी इतकं मिळतंजुळतं निघालं की पोलिसांनी त्याच्यावरच संशय घेतला, हा किस्सा त्याने अनेकदा सांगितला आहे. त्यामुळे असेल, पण पहिल्या दोन-तीन पुस्तकांत पोलिसी कामकाज पातळ आहे. ठाणंही काल्पनिक, ग्रेट लंडन रोडवरचं. पुढे त्याने ते ठाणं कथेत जाळून टाकलं आणि रीबसला सेंट लेनर्ड्स या खऱ्या ठाण्यात आणलं. चुकीची सुरुवात कशी दुरुस्त करायची, त्याचा यापेक्षा धीट नमुना मला माहीत नाही. तुमच्याही पहिल्या पुस्तकात काहीतरी चुकलं असेल. घाबरू नका, ते कथेतच जाळता येतं.

जन्मसाल दिलं की एक दिवस बिल येतंच. रीबसच्या हुद्द्याच्या अधिकाऱ्याला साठीत घरी जावं लागायचं. २००७ ची 'एक्झिट म्युझिक' म्हणजे त्याच्या नोकरीचे शेवटचे दिवस. एका रशियन कवीचा खून झालेला आहे, आणि हातात थोडेच दिवस उरलेले आहेत. खुनी सापडेल की नाही यापेक्षा सोमवारी हा माणूस सकाळी उठून कुठे जाणार, या प्रश्नाने पान उलटत राहतं. इथे मालिका संपली असं सगळ्यांनी धरलं होतं. रँकिनने मधल्या काळात माल्कम फॉक्स नावाचा दुसरा नायक आणला. तो पोलिसांचीच चौकशी करणाऱ्या विभागातला, दारू सोडलेला, नियम पाळणारा. आणि मग २०१२ मध्ये रीबस परत आला, पण निरीक्षक म्हणून आला नाही. जुन्या, न उलगडलेल्या गुन्ह्यांच्या फायली चाळणाऱ्या विभागात एक बिनगणवेशाचा नागरिक कर्मचारी म्हणून आला. 'स्टँडिंग इन अनदर मॅन्स ग्रेव्ह' मधला हा रीबस मला सगळ्या मालिकेत सर्वात जवळचा वाटतो. ज्या दारातून तो आयुष्यभर न विचारता आत गेला, तिथे आता त्याला नाव सांगून थांबावं लागतं.

याच ठिकाणी मला कायद्याबद्दल थोडं सविस्तर लिहायचं आहे, कारण आपले लेखक हा भाग सोडून देतात. १७०७ मध्ये इंग्लंडशी एक झाल्यावरही स्कॉटलंडने आपली न्यायव्यवस्था राखली. तिथे तपासावर प्रोक्युरेटर फिस्कल या सरकारी वकिलाची देखरेख असते. ज्यूरीत पंधरा माणसं. आणि कोणत्याही गुन्ह्यातल्या मुख्य गोष्टींना दोन स्वतंत्र ठिकाणांहून दुजोरा लागतो. एकट्याच्या शब्दावर शिक्षा नाही. म्हणूनच तिथला पोलीस साक्षीदाराकडे जोडीने जातो. रीबसबरोबर सतत कोणीतरी असतं ते वाचकाला संवाद ऐकायला मिळावेत एवढ्यासाठी नसतं, कायदाच दुसरा माणूस मागतो. रीबस एकटा कुठे गेला, तर जाणता वाचक सावध होतो: आता मिळेल ते कोर्टात टिकणार नाही, मग हा तिथे कशाला गेला? आपल्याकडे पंचाची सही हा असाच कथेत न वापरला गेलेला ऐवज आहे.

कथेतल्या काळानुसार रीबस २००६ च्या शेवटाला घरी गेला आणि काही वर्षांनी परतला, त्या मधल्या काळात या कायद्याखालची जमीन सरकली होती. पूर्वी स्कॉटलंडचे पोलीस संशयिताला सहा तासांपर्यंत वकिलाशिवाय चौकशीला बसवू शकत होते. ऑक्टोबर २०१० मध्ये ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयाने ते बंद केलं. एकदा निर्दोष सुटलेल्यावर त्याच गुन्ह्याचा पुन्हा खटला नाही, हा नियम २०११ च्या कायद्याने सैल झाला. १ एप्रिल २०१३ ला स्कॉटलंडची आठही पोलीस दलं विलीन होऊन एकच दल झालं, आणि रीबस ज्या लोदियन अँड बॉर्डर्स पोलिसात वाढला ते नावच पुसलं गेलं. एखादा लेखक हे सगळं एका परिच्छेदात माहिती म्हणून देऊन मोकळा झाला असता. रँकिनने त्यातून 'सेंट्स ऑफ द शॅडो बायबल' काढली. कायदा बदलल्यामुळे तीस वर्षांपूर्वीचं प्रकरण उघडतं, आणि ते रीबसच्या तरुणपणीच्या ठाण्याचं, त्याच्याच जुन्या सहकाऱ्यांचं असतं. त्या काळी पोलीस जसं वागले तसं सगळेच वागायचे, एवढं उत्तर आता पुरत नाही. चौकशीला येतो तो माल्कम फॉक्स. म्हणजे नवा कायदा, जुनं पाप आणि नायकाचं वय अशा तीन धाग्यांची ही वेणी आहे. दुसऱ्या पुस्तकात अडकलेल्या लेखकाने ही कादंबरी पेन्सिल घेऊन वाचावी.

या पुस्तकात रीबस पुन्हा पोलीस झालेला आहे, पण सार्जंट म्हणून, एक पायरी खाली. आणि शिवॉन क्लार्क इन्स्पेक्टर आहे. १९९३ च्या 'द ब्लॅक बुक' मध्ये ती पहिल्यांदा येते तेव्हा त्याच्या हाताखालची साधी कॉन्स्टेबल असते, इंग्लंडमध्ये वाढलेली, शिकलेली, हिबर्नियन फुटबॉल क्लबसाठी जीव टाकणारी. वीस वर्षांत ती शिकते, चुकते, वर चढते आणि त्याची वरिष्ठ होते. रोमन अक्षरांत तिचं नाव वाचताना इंग्रज वाचकही अडखळतो; देवनागरीत मात्र ते जसं उच्चारतात तसं लिहिता येतं आणि आपल्या कानाला अगदी घरचं वाटतं. मराठीत आणायला खरी कठीण आहे ती या दोघांची भाषा. इंग्रजीत 'सर' जाऊन 'जॉन' आलं की काम झालं. मराठीत आधी ती त्याला 'सर, तुम्ही' म्हणेल, तो तिला 'तू' म्हणेल. आणि ती वरिष्ठ झाल्यावर? माझा निर्णय असा: चारचौघांत तो तिला 'मॅडम' म्हणेल, गाडीत दोघंच असताना 'तू'च राहील, आणि ती शेवटपर्यंत 'तुम्ही' सोडणार नाही. तुमच्या हवालदाराचं आणि निरीक्षकाचं नातं असं पुस्तकागणिक बदलू शकतं. मराठी तुम्हाला हे शस्त्र फुकट देते, इंग्रजी लेखकाकडे ते नाही.

कॅफर्टीचं तेच. मॉरिस जेराल्ड कॅफर्टी, 'बिग जेर', एडिंबराच्या गुन्हेगारीचा म्होरक्या. एकदा कोर्टात रीबस साक्षीला उभा राहतो तेव्हा वकील गोंधळून त्याला आधीच्या साक्षीदाराच्या, स्ट्रोमन या नावाने हाक मारतो. कॅफर्टी ते नाव पकडतो आणि पुढे कायम त्याला 'स्ट्रॉमॅन' म्हणतो. मराठीत 'बुजगावणं' म्हटलं तर हिणवणं बरोबर पोचतं, पण कोर्टातली ती चूक हरवते. मी यावर बराच काळ घालवला आहे आणि मनासारखा शब्द सापडलेला नाही. तर सांगायचं ते हे की खलनायकही म्हातारा होतो. तो तुरुंगात जातो, आजारपणाच्या नावाखाली बाहेर येतो, धंदा हातातून निसटताना बघतो. शेवटी शेवटी जुनं शहर आठवणारी ही दोनच माणसं उरल्यासारखी वाटतात, आणि एकमेकांशिवाय त्यांना बोलायला कोणी नसतं. आपल्याकडे दर पुस्तकाला नवा खलनायक आणायची सवय आहे. एक तरी जिवंत ठेवा.

शहराबद्दल. एडिंबरा म्हणजे एका बाजूला किल्ला, सरळ आखलेले रुंद रस्ते, बँका, ऑगस्टमधला कलामहोत्सव. दुसऱ्या बाजूला टेकडीच्या उतारावरच्या अरुंद बोळी आणि शहराच्या कडेच्या गरिबांच्या वसाहती. रँकिनने खऱ्या आणि कल्पित जागांची वाटणी फार विचाराने केली आहे. बार, रस्ते, संग्रहालयं, ऐतिहासिक वाडे खरे. पण जिथे गुन्हेगारी, नशा, वंशद्वेष दाखवायचा त्या वसाहती कल्पित आहेत: 'हाईड अँड सीक' मधली पिलम्युअर, 'मॉर्टल कॉजेस' मधली गार-बी, 'फ्लेशमार्केट क्लोज' मधली आश्रयाला आलेल्या परदेशी कुटुंबांची नॉक्सलँड. खऱ्या वस्तीत राहणाऱ्या माणसाला पुस्तक उघडल्यावर आपला पत्ता बदनाम झालेला दिसू नये, हे सौजन्य आहे. सोलापुरातल्या एखाद्या खऱ्या झोपडपट्टीचं नाव घालताना हे आठवा.

इतिहासही तो असाच आणतो, नेमक्या जागेवरून. १८३६ मध्ये आर्थर्स सीट या टेकडीवर सशांच्या मागे गेलेल्या मुलांना एका कपारीत सतरा इवल्याशा शवपेट्या सापडल्या, आत लाकडी बाहुल्या. त्यातल्या आठ आज तिथल्या राष्ट्रीय संग्रहालयात आहेत. त्या कोणी ठेवल्या, का ठेवल्या, हे गूढच राहिलं आहे. 'द फॉल्स' मध्ये एक विद्यार्थिनी बेपत्ता होते आणि तिच्या घराजवळ तशीच छोटी शवपेटी सापडते. रँकिन जुन्या कोड्याचं उत्तर देत नाही. त्याची सावली नव्या गुन्ह्यावर पडू देतो आणि बाजूला होतो. 'सेट इन डार्कनेस' मध्ये स्कॉटलंडच्या नव्या संसदेच्या आवारातल्या क्वीन्सबेरी हाऊसमध्ये जुन्या चुलीमागे सांगाडा निघतो. देश आपली संसद परत मिळवतो आहे आणि भिंतीत प्रेत आहे. राजकारणावर एकही भाषण न करता एवढं सांगून होतं.

खऱ्या गुन्ह्याचा वापर मात्र क्वचित, आणि तोही धोका पत्करून. १९६८ आणि १९६९ या दोन वर्षांत ग्लासगोच्या बॅरोलँड नृत्यगृहातून निघालेल्या तीन स्त्रियांचे खून झाले. संशयिताला वर्तमानपत्रांनी 'बायबल जॉन' म्हटलं. तो कधीच सापडला नाही. 'ब्लॅक अँड ब्लू' मध्ये त्याची नक्कल करणारा नवा खुनी येतो, आणि खरा बायबल जॉन स्वतः त्याच्या मागावर निघतो. त्याबरोबर ॲबर्डीनचं तेल, शेटलंड बेटं, आणि रीबसच्या गुरूने एका माणसाला खोटेपणाने अडकवलं होतं का, हा जुना प्रश्न. १९९७ चा ब्रिटिश गुन्हेकथा लेखकांचा गोल्ड डॅगर या पुस्तकाला मिळाला तो उगाच नाही. तरी माझा सल्ला असा की अजून ज्यांचे नातेवाईक जिवंत आहेत अशा खऱ्या खुनाला हात लावण्याआधी दहा पुस्तकं लिहून झालेली असावीत. ही त्याची आठवी रीबस कादंबरी होती, आणि हात बसलेला असल्याशिवाय ती जमली नसती.

आता तुमच्या दारूकडे येतो. रीबस पितो, पण त्याच्या पिण्याची किंमत दर वेळी कोणीतरी मोजतं: मुलगी सॅमी, शिवॉन, तपास, त्याचं स्वतःचं शरीर. 'रिझरेक्शन मेन' ची सुरुवात बघा. तपासाच्या बैठकीत त्याने वरिष्ठ अधिकारी जिल टेंपलरच्या दिशेने चहाचा मग भिरकावला, म्हणून त्याला टलिॲलनच्या पोलीस महाविद्यालयात फेरप्रशिक्षणाला पाठवलं आहे. तिथे अशाच वाया गेलेल्या पोलिसांची एक तुकडी आहे, आणि सराव म्हणून त्यांच्या हातात एक जुनी फाईल दिली जाते. या जिलशी पूर्वी त्याचे प्रेमसंबंध होते, पहिल्या पुस्तकात. पंधरा वर्षांपूर्वीचं नातं, एक मग, एक शिक्षा, आणि त्यातून कादंबरी. तुमच्या नायकाच्या ग्लासातून काही निपजतं का? निपजत नसेल तर ग्लास काढून टाका, पुस्तक हलकं होईल.

वाचण्याचा क्रम. पहिल्यापासून सुरू करू नका. 'द ब्लॅक बुक' घ्या: शिवॉन येते, सेंट लेनर्ड्स ठाणं आहे, कॅफर्टी आहे, म्हणजे घर लागलेलं आहे. तिथून 'मॉर्टल कॉजेस', 'लेट इट ब्लीड', 'ब्लॅक अँड ब्लू' ओळीने. त्यानंतर कुठेही उडी न मारता 'एक्झिट म्युझिक' पर्यंत जा, कारण या टप्प्यात एका पुस्तकातली जखम पुढच्यात दुखते. 'द हँगिंग गार्डन' मध्ये सॅमीला गाडी उडवून जाते, तिचं पुढे काय होतं ते नंतरच्या पुस्तकांत हळूहळू येतं. 'द नेमिंग ऑफ द डेड' जुलै २००५ च्या एका आठवड्यात घडते, ग्लेनईगल्सला जी-८ परिषद, रस्त्यावर मोर्चे, आणि सात तारखेला लंडनमधले स्फोट. ती वाचताना कॅलेंडर शेजारी ठेवा. मग परत जाऊन 'नॉट्स अँड क्रॉसेस' वाचा. साठीतला रीबस भेटल्यावर चाळिशीतला बघताना जुन्या अल्बममधला फोटो बघितल्यासारखं होतं. शेवटची दोन, २०२२ ची 'अ हार्ट फुल ऑफ हेडस्टोन्स' आणि २०२४ ची 'मिडनाइट अँड ब्लू', सगळ्यात शेवटी ठेवा. एकीत रीबस आरोपी म्हणून कोर्टात उभा आहे, दुसरीत तुरुंगात आहे. का, ते मी सांगणार नाही. दूरदर्शन मालिकांत जॉन हॅना, केन स्टॉट आणि रिचर्ड रँकिन या तिघांनी तो केला आहे. मला स्टॉट सर्वात पटला, पण पुस्तकांआधी बघू नका, चेहरा डोक्यात बसतो.

आता तुमचा निरीक्षक. पहिल्या पुस्तकात तुम्ही त्याचं वय 'चाळिशीच्या आसपास' लिहिलं आहे. ठीक आहे, दुसऱ्यात जन्मतारीख पक्की करा. महाराष्ट्रात तो ५८ व्या वर्षी निवृत्त होणार. खात्यातून आला की परीक्षा देऊन थेट उपनिरीक्षक झाला, कोणत्या वर्षी, हे ठरवा. रीबसला एक सोय होती, तो तीस वर्षं एकाच शहरात राहिला. आपल्या निरीक्षकाची बदली होते, आणि लेखक ती नडते म्हणून टाळतात. टाळू नका. सोलापूर शहराचं आयुक्तालय वेगळं आणि ग्रामीण जिल्हा वेगळा. एका पुस्तकात त्याला शहरातून उचलून ग्रामीणच्या स्थानिक गुन्हे शाखेत टाका. जुना गुन्हा शहरात अर्धवट राहिलेला, तपास दुसऱ्या अधिकाऱ्याकडे गेलेला, आणि मयताची आई अजून यालाच फोन करते आहे. तिला काय सांगायचं, हे एवढ्यावर तुमची दुसरी कादंबरी उभी राहू शकते.

कायद्याचंही तेच. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू झाली. ३० जूनच्या रात्री झालेला खून ३०२ खाली आणि दुसऱ्या दिवशीचा १०३ खाली. पंचवीस वर्षं ज्याच्या तोंडात 'तीनशे दोन' बसलं आहे तो माणूस स्टेशन डायरीत नवा आकडा लिहिताना थांबतो, आणि शेजारची नवी पीएसआय त्याला तो न बघता सांगते. ती कोण, कुठून आली, पाच वर्षांनी कोणत्या खुर्चीत असेल, हे तुम्हाला आत्ताच माहीत असायला हवं. तिला नाव द्या. आणि तुमचा निरीक्षक राहतो त्या इमारतीला जिना आहे का, ते मला कळवा.